लाप्लास : एका ट्रॉम्बोनवाल्याचे गाव

न्यू ऑर्लिन्स पाहून आलेल्या मनुष्याने तेथील फ्रेंच वस्तीतील लोखंडी नक्षीच्या सज्जांविषयी आणि पहाटेपर्यंत चालणाऱ्या उपाहारगृहांविषयी लिहावे, असा जणू संकेतच पडून गेला आहे. तो मोडून आम्ही वाचकांना त्या शहराच्या वरच्या अंगाला, मिसिसिपी नदीच्या ओघाविरुद्ध २५-३० मैलांवर असलेल्या लाप्लास नावाच्या गावी नेणार आहोत. या गावी पाहण्यासारखे म्हणून बोट दाखवावे असे फारसे काही नाही. डुकराच्या मांसाचा, धुरावर सुकविलेला एक फ्रेंच पदार्थ येथे फार प्रसिद्ध आहे, असे चिरंजिवांनी सांगताच आमच्या कुटुंबाने मोटारीची काच वर करून घेतली. त्या मुलखात चिरंजीव ह्यूस्टन शहरी नोकरीला आहेत. त्यांच्याकडे गेलो असता कार्तिकातील चार दिवसांची रजा काढून त्यांनी आम्हां उभयतांस आणि नातवास हा प्रवास घडविला. न्यू ऑर्लिन्स ही त्यांची निवड होती. लाप्लास ही आमची.

या निवडीचे कारण सांगावयाचे तर थोडे मागे गेले पाहिजे. १९५८ साली सातारा जिल्ह्यातील आमच्या गावी आमची मुंज झाली, तेव्हा भिक्षावळीपुढे शहराहून बँड आणविला होता. त्यात एक काळासावळा, उंच मनुष्य होता. त्याच्या हातात एक लांबच लांब पितळी वाद्य. त्याची एक नळी दुसरीत शिरे आणि तो हात लांब करी तसतसा आवाज खोल खोल जाई. आम्ही आठ वर्षांचे बटू, कमरेला लंगोटी, हातात दंड. पण भिक्षेकडे लक्ष कोठले! देवळापाशी मिरवणूक थांबली तेव्हा आम्ही त्या मनुष्याजवळ गेलो. त्याने हसून वाद्य खाली केले आणि ती नळी आम्हांस ओढू दिली. हे आजोबांनी पाहिले. त्यांनी त्या मनुष्याला एक शब्दही उणाअधिक म्हटला नाही. आम्हांस मात्र दंडाला धरून घरी आणले आणि विहिरीवर डोक्यावरून चार घागरी ओतल्या. बँडवाल्यांना जेवावयास वाढले ते शेवटच्या पंगतीनंतर, मागल्या दारी, गोठ्याच्या अंगाला. तो मनुष्य पत्रावळीवर वाकून जेवत असताना आम्ही माजघराच्या खिडकीतून पाहिले. त्याने वर पाहून ओळख दिली आणि आम्ही खिडकीतून दूर झालो. त्या वाद्याला ट्रॉम्बोन म्हणतात हे आम्हांस पुढे कॉलेजात असताना समजले. ट्रॉम्बोनविषयी जेथे जे मिळेल ते वाचण्याचा आम्हांस छंद लागला, तो तेव्हापासून. आणि त्या वाचनातच एडवर्ड ओरी, लोकांच्या तोंडी ‘किड’ ओरी, हा पुरुष भेटला. त्याचे जन्मगाव लाप्लास.

न्यू ऑर्लिन्सहून निघाले की वस्ती विरळ होते आणि दोन्ही हातांस दलदल लागते. पाण्यात पाय रोवून उभी असलेली झाडे व त्यांच्या फांद्यांवरून लोंबणारी करडी शेवाळासारखी वनस्पती. पुढे बॉने कॅरे नावाचा एक प्रचंड रुंद पट्टा ओलांडावा लागतो. १९२७ साली मिसिसिपीने जो हाहाकार केला, त्यानंतर नदीचे चढलेले पाणी बाजूच्या पाँचारट्रेन सरोवरात सोडून देता यावे म्हणून ही वाट करून ठेविली आहे. ती ओलांडली की लाप्लास. गावातून नदीच्या कडेने जुना रस्ता जातो, पण गंमत अशी की नदीकाठच्या या रस्त्यावरून नदी मुळीच दिसत नाही. मध्ये मातीचा उंच, हिरवळीचा बांध. त्या बांधावरून एखाद्या जहाजाचा वरचा मजला हळूहळू सरकत जाताना दिसतो आणि घर चालू लागल्याचा भास होतो. पुढे कोठे उसाची शेते, कोठे रसायनांचे व तेलाचे कारखाने, त्यांची धुराडी. हंगाम चालू होता. तोडलेल्या उसाच्या गाड्या रस्त्याने चालल्या होत्या आणि हवेत चिपाडांचा आंबूस वास होता. कोल्हापूर-सांगलीकडच्या वाचकास तो वास निराळा सांगावयास नको.

या रस्त्यावर वुडलँड नावाच्या मळ्याचे जुने लाकडी घर आहे. जमिनीपासून उचललेले, पुढे लांब पडवी. किड ओरी याचा जन्म या मळ्यावर २५ डिसेंबर १८८६ रोजी झाला. परंतु या जागेला त्याच्याही आधीचा एक इतिहास आहे, आणि तो गाळून पुढे जाणे बरे नव्हे. ८ जानेवारी १८११ च्या रात्री याच मळ्यावर, तेव्हाचा मालक मॅन्युएल आंद्री याच्या घरात, चार्ल्स देलाँद नावाच्या पुढाऱ्याच्या मागून गुलाम उठले. आंद्रीचा मुलगा मारला गेला, मालक निसटला. उठलेली मंडळी कोयते, कुऱ्हाडी आणि हाती लागतील ती हत्यारे घेऊन याच नदीकाठच्या रस्त्याने न्यू ऑर्लिन्सवर चालून निघाली. वाटेतल्या मळ्यांवरचे गुलाम मिळत गेले. अमेरिकेच्या इतिहासात गुलामांचे याहून मोठे बंड झालेले नाही. दोन-तीन दिवसांत ते मोडले गेले, आणि पकडलेल्यांची डोकी कापून या बांधावर काठ्यांना टोचून ठेविली. ज्या हिरवळीवर आमचा नातू धावत चढला आणि गडगडत खाली आला, तो हा बांध.

२०२१ साली या घरात ओरीचे व त्या बंडाचे स्मारक म्हणून एक संग्रहालय उघडले होते. त्यामागे जॉन मॅकस्कर या न्यू ऑर्लिन्सच्या वृत्तपत्र-छायाचित्रकाराची खटपट होती, आणि ओरीचे उत्तम चरित्रही त्यानेच २०१२ साली लिहिले आहे. पुढे २०२४ मध्ये जॉय व जो बॅनर या जुळ्या बहिणींच्या ‘डिसेंडंट्स प्रोजेक्ट’ या संस्थेने ही वास्तू विकत घेतली. याच परगण्यातल्या गुलामांच्या वंशजांची ही संस्था आहे. ज्यांचे पूर्वज येथे विकत आणले गेले त्यांनी हे घर विकत घ्यावे, यात जो न्याय आहे तो आमच्या शब्दांची वाट पाहत नाही. आम्ही गेलो त्या दिवशी घर बंद होते. रस्त्यावरून जेवढे पाहता आले तेवढे पाहिले.

ओरीचा बाप गोरा, फ्रान्समधील आल्सास प्रांतातून आलेल्या कुळातला. आई मिश्र रक्ताची. घरची भाषा इंग्रजी नव्हे, त्या भागातील क्रेओल फ्रेंच. बापाचा वर्ण मुलाच्या कामी आला नाही. न्यू ऑर्लिन्सचा होमर प्लेसी हा असाच, दिसावयास गोराच म्हणावा असा गृहस्थ १८९२ साली आगगाडीत गोऱ्यांच्या डब्यात बसला म्हणून पकडला गेला. १८९६ मध्ये वॉशिंग्टनच्या सर्वोच्च न्यायालयाने निकाल दिला की डबे निराळे असण्यात अन्याय काही नाही. ओरी त्या वेळी नऊ वर्षांचा होता. रक्ताचा थेंब मोजणाऱ्या या कायद्याविषयी वाचताना आमचे सुशिक्षित लोक फार चटकन हळहळतात. आम्हीही हळहळलो, आणि मग चार घागरींचे ते थंड पाणी आठवले.

आता ज्या गोष्टीसाठी आम्ही एवढा पल्ला गाठला ती सांगतो. मळ्यावरच्या मुलांपाशी वाद्ये नव्हती. ओरी व त्याचे सवंगडी रात्री अंधार पडल्यावर एका पुलावर जाऊन उभे राहत आणि तोंड मिटून, नुसत्या हुंकाराने, निरनिराळे स्वर एकमेकांत मिसळून गात. कोणी वरचा स्वर घ्यावयाचा, कोणी खालचा. अंधारात कोण गाते ते कोणास दिसत नसे, पण ऐकू येई. मग आजूबाजूचे लोक आल्याचे गोड केक आणि पाणी आणून देत. ओरीने ही हकीकत म्हातारपणी सांगितली आहे. हा पूल नेमका कोणता, ते शोधण्याचा आम्ही प्रयत्न केला नाही. बांधावर बसून नातवास ती हकीकत सांगितली, तेव्हा आमच्या कुटुंबाने पिशवीतून आलेपाकाच्या वड्या काढल्या. मोटार लागते म्हणून त्या त्यांच्याजवळ नेहमी असतात. त्या वड्या खात आम्ही सगळे काही वेळ नदीकडे पाहत बसलो. चिरंजिवांनी हुंकार भरून पाहिला, नातवाने दुसऱ्या स्वरात साथ दिली. स्वर काही जुळले नाहीत.

पुढे मुलांनी चिरुटाच्या खोक्याचे बँजो वगैरे करून घरगुती वाद्ये बनविली. मळ्यावरच्या रिकाम्या घरात तळलेल्या माशांची मेजवानी व नाच ठेवावयाचा, येणाऱ्यांकडून पैसे घ्यावयाचे, आणि त्यातून खरी वाद्ये घ्यावयाची, हा त्यांचा व्यवहार. ओरीच्या अंगी व्यापारी बुद्धी पुरेपूर होती, आणि ती त्यास जन्मभर उपयोगी पडली. याच सुमारास आईबाप दोघेही गेले आणि घरचा भार त्या पोरावर पडला. वयास एकवीस वर्षे पुरी होईपर्यंत गाव सोडावयाचे नाही, भावंडांकडे पाहावयाचे, हे त्याने पत्करले.

हे पत्करणे किती जड होते त्याची एक आठवण तोच सांगे. ट्रॉम्बोन घेण्यासाठी तो न्यू ऑर्लिन्सला बहिणीच्या घरी गेला होता आणि नवे वाद्य वाजवून पाहत होता. इतक्यात दारावर थाप पडली. दारात बडी बोल्डेन! हा बोल्डेन म्हणजे त्या काळी त्या शहरातील वादकांचा राजा. जॅझचा आद्य पुरुष म्हणून ज्याचे नाव घेतात तो. त्याने रस्त्यातून जाताना आवाज ऐकला आणि पोरास आपल्या ताफ्यात मागितले. बहिणीने सांगितले, अजून लहान आहे, घरी परत जावयाचे आहे. ओरी परत गेला. १९०७ साली बोल्डेनची बुद्धी भ्रंश पावून त्याला वेड्यांच्या इस्पितळात ठेविले. तेथेच १९३१ मध्ये तो वारला. त्याच्या वादनाची एकही तबकडी आज उपलब्ध नाही. एकत्र कुटुंबात वाढलेल्या वाचकांस अशी घरे ठाऊक असतील की जेथे वडील मुलाने धाकट्यांसाठी एखादी नोकरी, एखादी शिष्यवृत्ती सोडली आणि पुढे तिचे नावही काढले नाही. ओरी मात्र नाव काढी. ही गोष्ट त्याने अनेकांस सांगितली. त्यात त्याचा अभिमान होता की हुरहूर, हे आम्हांस ठरविता आलेले नाही.

येथे या वाद्याविषयी दोन शब्द लिहिले पाहिजेत. ट्रॉम्बोनच्या नळीची लांबी उलगडून धरल्यास सुमारे ९ फूट भरते. तिचा एक वळलेला भाग पुढेमागे सरकतो. त्याची ठरीव स्थाने ७. बोट ठेवण्यास पडदा नाही, कळ नाही. स्वर कोठे आहे ते कानाने ओळखावयाचे आणि हाताने गाठावयाचे. म्हणूनच एका स्वरावरून दुसऱ्यावर घसरत जाणे, ज्यास आपण मींड म्हणतो, ते या वाद्याचा स्वभावच आहे. ओरीने प्रथम कळांचा ट्रॉम्बोन वाजविला आणि मग सरकत्या नळीचा हाती घेतला. त्यात तो कोणी मोठा चपळ कसबी होता असे नाही. त्याच्या मागून आलेले टेक्ससचे जॅक टीगार्डन यांच्यासारखे वादक हाताने व गळ्याने कितीतरी तयार होते, हे मान्य केले पाहिजे. परंतु कॉर्नेट वर गात असावा, क्लॅरिनेटने त्याभोवती वेल चढवावी, आणि खाली राहिलेली प्रत्येक रिकामी जागा ट्रॉम्बोनने ओळखून भरावी, ही जी न्यू ऑर्लिन्सची पद्धत, तीत दुसऱ्याला पुढे जाऊ देऊन त्याला पाया देणारा ओरीसारखा वादक विरळा.

एकविशी उलटल्यावर तो आपला ताफा घेऊन शहरात आला. तेव्हा नाचाच्या जाहिरातीसाठी ताफे घोड्यांच्या मालगाडीत बसवून गावभर हिंडवीत. ट्रॉम्बोनवाल्याची नळी इतरांच्या पाठीत बसू नये म्हणून त्याला गाडीच्या अगदी मागे, उघडलेल्या फळीवर बसवीत. त्या पद्धतीच्या वादनाला अद्यापि त्या फळीवरूनच ‘टेलगेट’ हे नाव आहे. दोन ताफे चौकात समोरासमोर आले की चाके एकमेकांस बांधीत, म्हणजे हरणाऱ्याने पळून जाऊ नये! आपल्याकडच्या सवालजबाबाच्या कलगी-तुऱ्याची आठवण यावी असाच प्रकार. ओरीच्या ताफ्यात कॉर्नेटवर जो ऑलिव्हर होता. तो १९१८ च्या सुमारास शिकागोस गेला, तेव्हा त्याच्या जागी ओरीने एका पोराला घेतले. लांब विजार मिळव म्हणजे काम देतो, असे त्याला सांगितले. पोरगा दोन तासांत विजार चढवून दारात हजर. तो लुई आर्मस्ट्राँग.

१९१९ साली ओरी कॅलिफोर्नियात लॉस एंजेलिस येथे गेला. तेथे १९२२ मध्ये रीब व जॉन स्पाइक्स या कृष्णवर्णीय बंधूंनी आपल्या ‘सनशाइन’ छापाखाली त्याच्या ताफ्याच्या तबकड्या काढल्या. न्यू ऑर्लिन्सच्याच गोऱ्या वादकांची तबकडी १९१७ मध्येच निघालेली होती. ज्यांची ही विद्या, त्यांच्या ताफ्याला पाच वर्षे वाट पाहावी लागली. १९२५ मध्ये आर्मस्ट्राँगने त्याला शिकागोस बोलाविले. १२ नोव्हेंबर १९२५ पासून आर्मस्ट्राँग, ओरी, जॉनी डॉड्स, लिल हार्डिन आणि जॉनी सेंट सीर या पाचांनी ‘हॉट फाइव्ह’ नावाने ज्या तबकड्या भरल्या, त्यांवर आजवर ग्रंथच्या ग्रंथ लिहिले गेले आहेत. त्यातील ‘मस्क्रॅट रॅम्बल’ २६ फेब्रुवारी १९२६ ची. मस्क्रॅट म्हणजे दलदलीतला एक मोठा उंदीर. लाप्लासचा मनुष्य आपल्या चिजेला गुलाबाचे नाव कोठून देणार! ही चीज आपली, ओरीचे तर केवळ नाव, असे आर्मस्ट्राँग पुढे म्हणे; ओरी म्हणे, १९२१ मध्येच मी ती बांधिली. मालकी ओरीची ठरली आणि तिच्या उत्पन्नाने त्यास म्हातारपणी सुख लाभले.

ते सुख येण्यापूर्वी मात्र मोठी दरी होती. १९३० मध्ये तो लॉस एंजेलिसला परतला. मंदीचे दिवस, लोकांची आवडही बदललेली. १९३३ च्या सुमारास त्याने ट्रॉम्बोन ठेवून दिला आणि भावाबरोबर कोंबड्या पाळण्याचा धंदा केला. ज्याने आर्मस्ट्राँगला काम दिले तो पन्नाशीच्या उंबरठ्यावर सकाळी उठून अंडी गोळा करीत होता. त्याचा जुना सहकारी जो ऑलिव्हर तर १९३८ मध्ये सव्हाना शहरी, झाडलोट करून पोट भरीत असता, दारिद्र्यात वारला. या दहा वर्षांत ओरीने ते वाद्य कधी काढून पुसले असेल काय, हा प्रश्न आमच्या कुटुंबाने विचारला. त्यांच्या माहेरची सतार तीस वर्षे फडताळावर आहे.

१९४२ पासून तो पुन्हा थोडे वाजवू लागला. १९४४ मध्ये ऑर्सन वेल्स या नटश्रेष्ठाने आपल्या आकाशवाणीवरील साप्ताहिक कार्यक्रमासाठी न्यू ऑर्लिन्सच्या जुन्या वादकांचा ताफा जमविला. त्यात ओरी आला. क्लॅरिनेटवर जिमी नून होता. १९ एप्रिल १९४४, कार्यक्रमाच्याच दिवशी, नून अकस्मात वारला. संध्याकाळी उरलेले वादक बसले आणि त्यांनी त्याच्यासाठी एक ब्लूज वाजविला. तो कार्यक्रम ध्वनिमुद्रित आहे. चिरंजिवांनी तो मोटारीत लावला होता, परतताना, दलदलीवरून. कोणी रडविण्याचा प्रयत्न करीत नाही. ट्रॉम्बोन खालून एक स्वर धरतो, सोडतो, पुन्हा धरतो. नातू झोपला होता.

या कार्यक्रमांनी ओरीचे दिवस पालटले. १९४७ च्या ‘न्यू ऑर्लिन्स’ या बोलपटात तो आर्मस्ट्राँगबरोबर दिसतो. १९५६ व १९५९ मध्ये युरोपचे दौरे झाले. १९६६ मध्ये निवृत्त होऊन तो हवाई बेटांत जाऊन राहिला आणि २३ जानेवारी १९७३ रोजी होनोलुलू येथे, ८६ व्या वर्षी वारला. हे सगळे घडत असता मुंबईच्या ताजमहाल हॉटेलात गोव्याचे ख्रिस्ती वादक हेच संगीत वाजवीत होते. चिक चॉकलेट या नावाने गाजलेले आंतोनियो झेवियर वाझ यांना लोक हिंदुस्थानचे आर्मस्ट्राँग म्हणत, आणि आमच्या घरी रेडिओवर ज्या हिंदी चित्रपटगीतांना आजोबांची ना नव्हती, त्यांतील तुताऱ्या याच गोवेकरांच्या होत्या.

दुसऱ्या दिवशी रविवार. न्यू ऑर्लिन्सच्या एका साध्या वस्तीत मिरवणूक पाहावयास गेलो. थंडीच्या दिवसांत तेथे बहुतेक रविवारी एखाद्या मंडळाची मिरवणूक असते. पुढे मंडळाचे लोक रंगीत पोशाखात, मागे बँड, त्यामागे जो येईल तो नाचत. बँडमध्ये ट्रॉम्बोनवाले सर्वांत पुढच्या रांगेत, नळीला वाव मिळावा म्हणून. मिरवणूक एका दुकानापाशी थांबली. वीस-बावीस वर्षांचा एक वादक पायरीवर बसून पाणी पीत होता. नातू त्याच्यासमोर जाऊन उभा राहिला. आम्ही पुढे झालो नाही. त्या मुलाने वाद्य आडवे धरले, स्वतः फुंकले आणि नळी नातवाच्या हाती दिली. नातवाने ती जोराने ओढली. असा काही भसाडा, लांबलचक आवाज निघाला की पायरीवरचे सगळे हसले, नातूही हसला, आणि त्याने पुन्हा ओढली.

जेवावयास बसताना त्याच्या आजीने त्याला हात धुवावयास लावले. हात तेलकट झाले होते, ते धुणे रास्तच होते.